हमीपत्राच्या मागच्या पानावर

बायकांच्या चळवळीत आपण कागदांविषयी पुष्कळ बोललो आहोत. सातबारा, रेशनकार्ड, घराचा करारनामा, पोलिसातल्या फिर्यादीची नक्कल. यातल्या प्रत्येक कागदावर बाईचे नाव आहे की नाही, आणि असलेच तर कुठल्या रकान्यात, हे विचारायची सवय आता गावोगावच्या गटांना झाली आहे. एक कागद मात्र अजून या यादीत आलेला नाही. दुचाकी घेताना शोरूममध्ये सगळ्या सह्यांच्या शेवटी जो ‘एक्स्टेंडेड वॉरंटी’चा, म्हणजे वाढीव हमीचा कागद पुढे सरकवला जातो, तो. यंत्राचे कागद पुरुषांनी वाचायचे अशी एक वाटणी घरोघर असते, आणि शोरूममधला विक्रेताही ती धरूनच चालतो. गाडी बाईची, पैसे बाईचे, पण अटी समजावून सांगायच्या त्या सोबत आलेल्या भावाला. बाईला सांगायचे ते एवढेच, की “मॅडम, पाच वर्षे टेन्शन नाही.”

मी ज्या सल्ला केंद्रात काम करते तिथे मुख्यतः घरगुती हिंसा आणि पोटगीची प्रकरणे येतात. पण गेल्या काही वर्षांत बचत गटातल्या बायका गाडीचे कागद घेऊनही येऊ लागल्या, आणि ते साहजिकच आहे. तालुक्याच्या गावात आज स्कूटर ही हौसेची वस्तू राहिलेली नाही. आशा सेविका तिच्यावरून वाड्या-वस्त्या फिरतात. कुणी डबे पोचवते, कुणी दूध घालते, कुणी विम्याचे हप्ते गोळा करते, कुणी शिवलेले ब्लाऊज दुकानात नेऊन देते. शिवणयंत्राबद्दल आपण जे म्हणत आलो तेच स्कूटरबद्दल म्हणायला हवे: ते कामाचे हत्यार आहे. आणि हत्यार बिघडले की मजुरी बुडते.

प्रथम हा कागद काय आहे आणि काय नाही ते पाहू, कारण शोरूममध्ये तीन-चार वेगळ्या गोष्टी एकाच गठ्ठ्यात बांधून मिळतात. कंपनीची मूळ हमी गाडीबरोबर येते, तिचे वेगळे पैसे नसतात. ती संपल्यावर पुढच्या काही वर्षांसाठी पैसे देऊन घ्यायची ती वाढीव हमी. वर्षाचा देखभाल करार ही तिसरी गोष्ट. त्यात ठरलेल्या सर्व्हिसिंगची मजुरी आणि कधी ऑइल वगैरे धरलेले असते, बिघाड नव्हे. आणि विमा ही चौथी. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशामुळे १ सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीला पाच वर्षांचा विमा सक्तीचा झाला, पण ती सक्ती दुसऱ्याला होणाऱ्या इजेच्या भरपाईपुरती आहे. आपल्या गाडीच्या नुकसानीचा विमा वेगळा असतो आणि पुष्कळदा एकाच वर्षाचा घेतलेला असतो. “पाच वर्षांचे सगळे आहे ना?” असे विचारणाऱ्या बाईला “हो” म्हणून उत्तर मिळते, आणि ते खोटेही नसते. फक्त ‘सगळे’ या शब्दाचा अर्थ दोघांच्या मनात वेगळा असतो.

वाढीव हमी एकच गोष्ट कबूल करते: गाडीचा एखादा भाग साहित्यातल्या किंवा बनावटीतल्या दोषामुळे निकामी झाला, तर तो दुरुस्त करून किंवा बदलून देऊ. म्हणजे इंजिनाच्या पोटातले भाग, पिस्टन, सिलिंडर, क्रँकशाफ्ट, गिअर, आणि कराराप्रमाणे काही विजेची यंत्रणा. जे वापराने झिजते ते यात नाही. ब्रेक शू, क्लच शू, केबल, बल्ब, फिल्टर, प्लग, रबराचे भाग, आणि बिनगिअरच्या स्कूटरचा बेल्ट व रोलर. टायर आणि बॅटरी यांची हमी त्या त्या उत्पादकाची, आणि ती वेगळी मागायची. रंग, गंज, प्लॅस्टिकचे तुकडे नाहीत. अपघात नाही. पुराच्या पाण्यात गाडी बुडाली आणि इंजिनात पाणी शिरले तर तेही नाही. त्यासाठी विम्याकडे जायचे आणि तिथेही इंजिनाचे वेगळे कलम घेतलेले आहे का ते पाहायचे. भेसळीच्या पेट्रोलने झालेला बिघाड नाही. बाहेर कुणाकडून हॉर्न किंवा दिवे बसवून घेताना वायरिंगला हात लागला असेल तर विजेच्या यंत्रणेवरचा हक्क गेला असे समजा. आणि गाडी आठ दिवस गॅरेजमध्ये पडल्यामुळे बुडालेली कमाई? तिची भरपाई मिळणार नाही असे बहुतेक करारांत स्पष्टच लिहिलेले असते.

आता यात अन्याय कुठे, असे कुणी विचारेल. झिजणारी वस्तू झिजणारच, ती कंपनीने का द्यावी? मलाही ते मान्य आहे. ब्रेक शू फुकट मागण्यात अर्थ नाही. माझी हरकत दुसरीकडे आहे. स्कूटर चालवणाऱ्या बाईला रोजच्या व्यवहारात ज्या भागांवर खरोखर खर्च करावा लागतो ते जवळजवळ सगळे या यादीत आहेत, आणि ज्यांची हमी मिळते ते भाग नीट वापरलेल्या गाडीत सहसा लवकर जात नाहीत. हे पैसे देण्यापूर्वी सांगायला हवे. ते सांगितले जात नाही. कराराची प्रत पैसे भरल्यावर मिळते, ती इंग्रजीत असते, आणि वगळलेल्या गोष्टी मागच्या पानावर मुंगीच्या अक्षरात असतात. शिवाय बिघाड झाला की तो बनावटीतला दोष आहे की झीज, याचा पहिला निर्णय कोण करते? ज्यांनी तो फुकट दुरुस्त करून द्यायचा तेच.

दुसरी अट काळाची आणि अंतराची. ‘पाच वर्षे किंवा पन्नास हजार किलोमीटर, जे आधी पूर्ण होईल ते.’ वाचताना नजर पाच वर्षांवर थांबते. जरा हिशेब करू. एखादा नोकरदार रोज घरून कचेरीत आणि परत असे बारा किलोमीटर जातो. महिन्याचे सव्वीस दिवस धरले तर वर्षाला ३,७४४ किलोमीटर, पाच वर्षांत १८,७२०. त्याला पाचही वर्षे पुरेपूर मिळतात. डबे पोचवणारी बाई रोज साठ किलोमीटर फिरते. तिचे १८,७२० एका वर्षातच होतात. पन्नास हजार किलोमीटर तिला दोन वर्षे आठ महिन्यांत पूर्ण होतात, आणि तिथे हमी संपते. किंमत दोघांनी सारखी मोजली, तिला मिळाली जेमतेम निम्मी मुदत. शिवाय हे किलोमीटर गाडीच्या पहिल्या दिवसापासून मोजायचे की मूळ हमी संपल्यापासून, हे कराराकरारावर अवलंबून असते. विचारायचे असते ते हेच.

आणि तिसरे कलम, ज्यासाठी मी हा लेख लिहायला घेतला. ‘व्यावसायिक वापरासाठी हमी लागू नाही.’

आमच्याकडे आलेल्या एका बाईची गोष्ट. कंपनीचे नाव देत नाही. ती रोज बावीस डबे पोचवते. सीटच्या मागे लोखंडी जाळी बसवली आहे, त्यात डबे उभे राहतात. हमीची मुदत आणि किलोमीटर दोन्ही शिल्लक असताना इंजिनातून आवाज येऊ लागला. अधिकृत वर्कशॉपमध्ये इंजिन खोलले तर क्रँकचे बेअरिंग गेलेले. हा भाग करारात नावानिशी होता. पण तपासणाऱ्याने जाळीकडे पाहिले, ‘कशासाठी?’ म्हणून विचारले, तिने सरळ सांगितले, आणि जॉब कार्डावर ‘कमर्शियल यूज’ असे दोन शब्द पडले. हमी नामंजूर, बिल तिच्या नावावर.

याच बाईला तिच्या सोसायटीच्या निवडणूक फॉर्मवर व्यवसायाच्या रकान्यात नवऱ्याने ‘गृहिणी’ लिहिले आहे. बँकेने तिला धंद्यासाठी कर्ज नाकारले, कारण “घरगुती डबे म्हणजे काही धंदा नव्हे”. वर्षानुवर्षे आपण सांगत आलो की बायकांचे घरातून चालणारे काम हे काम आहे, ते मोजा, त्याला नाव द्या. कुणी ऐकले नाही. आणि आता एका वर्कशॉपमध्ये, पहिल्यांदाच, तिच्या कामाला व्यवसाय म्हणून लेखी मान्यता मिळाली, ती तिचा हक्क नाकारण्यासाठी! द्यायचे असेल तेव्हा ती गृहिणी, नाकारायचे असेल तेव्हा व्यावसायिक. पगारदार माणूस रोज कचेरीत गाडी नेतो तो पैसे मिळवायलाच नेतो, पण त्याचा वापर ‘वैयक्तिक’ ठरतो. कारण हा करार लिहिताना लिहिणाऱ्याच्या डोळ्यांपुढे तोच होता.

आम्ही काय केले ते थोडक्यात सांगते. आधी नकार लेखी मागितला, कलमाच्या क्रमांकासह. तोंडी नकाराला काही करता येत नाही. मग कलम नीट वाचले. इंग्रजीत शब्द होते ते भाड्याने किंवा मोबदला घेऊन गाडी चालवण्याबद्दलचे. तिने गाडी कधी कुणाला भाड्याने दिली नव्हती, पैसे घेऊन माणूस बसवला नव्हता. ती स्वतःचा स्वयंपाक विकत होती, प्रवास नव्हे. पत्रात एवढेच लिहिले, शिवाय करारातली भाषा संदिग्ध असेल तर तिचा अर्थ ती लिहिणाऱ्याच्या विरुद्ध लावावा हे तत्त्व न्यायालये मानतात, याची आठवण दिली. तीन आठवड्यांनी त्यांनी सुटे भाग फुकट दिले, मजुरी तिला भरावी लागली. अर्धा विजय म्हणा. पण पुष्कळ करारांत हे कलम इतके सैल नसते. तिथे ‘कोणत्याही व्यापारी कारणासाठी’ असे सरसकट शब्द असतात, आणि मग जागा कमी उरते.

तरीही कायदा इथे आपल्या बाजूने काही बोलतो. जुन्या ग्राहक कायद्यात १९९३ साली एक खुलासा घातला गेला: स्वयंरोजगारातून केवळ उदरनिर्वाहासाठी वस्तू घेऊन ती वापरणे म्हणजे ‘व्यापारी हेतू’ नव्हे. १९९५ मध्ये लक्ष्मी इंजिनिअरिंग वर्क्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्याचा अर्थ उलगडून सांगितला, की पोटासाठी स्वतः रिक्षा चालवणारा माणूस हा ग्राहकच आहे. २०१९ च्या नव्या ग्राहक संरक्षण कायद्यातही तो खुलासा कायम आहे. यामुळे करारातले कलम आपोआप रद्द होते असे नाही. कायद्यातले ‘व्यापारी’ आणि कंपनीच्या कागदातले ‘व्यावसायिक’ हे वेगळे शब्द आहेत. पण ‘तुम्ही धंदा करता, ग्राहक नाही’ असे म्हणून डबेवाल्या बाईला आयोगाच्या दारातून परत पाठवता येत नाही.

दार कुठले हेही ठाऊक हवे. सेवेतल्या त्रुटीची तक्रार जिल्हा ग्राहक आयोगाकडे, कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत. बाई जिथे राहते किंवा काम करते त्याच जिल्ह्यात ती करता येते, कंपनीच्या गावी जावे लागत नाही. मोजलेली किंमत पाच लाखांपर्यंत असेल तर फी नाही. वकील लागतोच असे नाही. करारच एकतर्फी आहे, ‘अनुचित करार’ आहे अशी तक्रार असेल तर मात्र जिल्ह्यात नव्हे, राज्य आयोगाकडे जावे लागते. या सगळ्याच्या आधी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा क्रमांक फिरवून पाहावा. काही प्रकरणे तिथेच मिटतात. आणि “वाढीव हमी घेतली तरच गाडी मिळेल” असे कुणी म्हणाले तर ती अट कायद्याने प्रतिबंधात्मक व्यापारी प्रथा ठरते, हे त्याच टेबलाशी सांगावे. सांगितल्यावर सूर किती बदलतो ते पाहण्यासारखे असते.

सर्व्हिसिंगच्या अटीबद्दल थोडे. प्रत्येक सर्व्हिसिंग ठरलेल्या दिवसांत आणि किलोमीटरमध्ये, अधिकृत केंद्रातच झाले पाहिजे, एक चुकले तर हमी गेली, असे लिहिलेले असते. अधिकृत केंद्र तालुक्यापासून चाळीस किलोमीटर दूर. गाडी दिवसभर तिथे, म्हणजे त्या दिवसाची कमाई गेली. गावातला फिटर तेच काम दुपारपर्यंत करून देतो. २५ ऑगस्ट २०१४ रोजी भारतीय स्पर्धा आयोगाने मोटारींच्या चौदा कंपन्यांना अडीच हजार कोटींहून अधिक दंड केला, तो सुटे भाग आणि दुरुस्ती आपल्याच ताब्यात ठेवल्याबद्दल. बाहेरच्या मेकॅनिककडे गेले म्हणून सरसकट हमी रद्द करू नका, त्याच्या चुकीच्या कामाने जेवढे बिघडले तेवढ्यापुरतीच नाकारा, असेही त्या आदेशात होते. पुढे २०१६ मध्ये अपिलात दंडाची रक्कम बरीच खाली आली. आदेश मोटारींचा होता, स्कूटरचा नव्हे. पण तर्क स्कूटरलाही तसाच लागू पडतो आणि पत्रात तो मांडायला काही हरकत नाही. तोपर्यंत, हमी घेतलीच असेल तर, सर्व्हिसिंगची प्रत्येक पावती जपून ठेवायची.

आणखी एक गोष्ट, जी ग्राहकांच्या मासिकांत सापडणार नाही. करार गाडीच्या नोंदणीकृत मालकाच्या नावे असतो. बचत गटाचे कर्ज बाईच्या नावावर, हप्ते तिच्या कष्टाचे, पण आरसी बुक नवऱ्याच्या नावावर, असे किती घरांत असते ते तुम्हाला माहीत आहे. त्यात आता मोबाईलची भर पडली. हमीचा दावा नोंदवताना ओटीपी जातो नोंदलेल्या नंबरवर. आमच्याकडे एक बाई आली होती, नवरा दोन वर्षांपूर्वी तिला सोडून गेला. गाडी तिच्याकडे राहिली, मुदत शिल्लक होती, बिघाड हमीत बसणारा होता. वर्कशॉपमधल्या मुलाने ओटीपी मागितला, आणि तो पोचला नगरला, त्या माणसाच्या खिशात. तो सांगेना. ज्याच्याकडे पोटगी मागतो आहोत त्याच्याकडेच सहा आकडे मागायचे! तेव्हा गाडी घेताना आरसी, कर्ज, करार आणि मोबाईल नंबर या चारही ठिकाणी बाईच हवी. जुनी गाडी घेतली तर करार आपल्या नावावर किती दिवसांत करून घ्यायचा आहे, तेही पाहायला हवे.

मग घ्यावी की घेऊ नये? माझे मत सांगते. पेट्रोलची स्कूटर, रोजचे पंधरा-वीस किलोमीटर, आणि गावात भरवशाचा फिटर असेल तर मी हे पैसे गटाच्या भिशीत टाकीन. बेल्ट आणि ब्रेकला तेच कामी येतील. विजेवरच्या गाडीचे गणित वेगळे आहे. तिथे बॅटरी आणि कंट्रोलर गेला तर खर्च गाडीच्या किमतीच्या मोठ्या वाट्याइतका असतो, तेव्हा वाढीव हमीला अर्थ आहे. मात्र बॅटरीची क्षमता किती टक्क्यांखाली गेल्यावर बदलून मिळेल तो आकडा वाचून, आणि व्यावसायिक वापर वगळलेला नाही याची खात्री करूनच. महाराष्ट्र शासनाच्या २०२४ च्या पिंक ई-रिक्षा योजनेत किमतीचा ७० टक्के भाग बँकेच्या कर्जाचा आहे. ज्या बायका त्यात उतरल्या आहेत त्यांनी तर बॅटरीच्या हमीची मुदत आणि कर्जाची मुदत शेजारी-शेजारी ठेवून पाहावी. हमी आधी संपत असेल तर शेवटचे हप्ते मेलेल्या बॅटरीवर फेडावे लागण्याची पाळी येऊ शकते.

१९७२ साली महागाईविरुद्ध मुंबईच्या बायका लाटणी घेऊन रस्त्यावर उतरल्या तेव्हा मुद्दा तेल आणि धान्याचा होता. मुंबई ग्राहक पंचायतीने १९७५ पासून एकत्र खरेदीचे जे काम उभे केले तेही बायकांच्या बळावर. एकेकटीने शोरूममध्ये जाऊन अटी बदलत नाहीत, हे त्यांना सांगावे लागले नसते. आमच्या तालुक्यात तीन गटांतल्या अकरा जणी येत्या महिन्यात गाड्या घेणार आहेत. आम्ही शोरूमला पत्र दिले आणि पोच घेतली: कराराची प्रत आठ दिवस आधी द्या. वगळलेल्या भागांची यादी मराठीत, पैसे भरण्यापूर्वी द्या. आणि ‘व्यावसायिक वापर’ म्हणजे तुम्हाला काय अभिप्रेत आहे, डबे पोचवणे, शिवण पोचवणे, आशा सेविकेच्या फेऱ्या त्यात येतात की नाही, ते लिहून खाली शिक्का मारा. पोटापाण्याच्या वापरासाठी थोडी जास्त रक्कम घेऊन वेगळी हमी द्यायची असेल तर तीही ऐकायला आम्ही तयार आहोत. व्यवस्थापकांनी पत्र वरच्या कार्यालयाकडे पाठवल्याचे सांगितले आहे. उत्तर अजून आलेले नाही. तुमच्या भागात असे करार कुणाच्या हाती पडले असतील तर मागच्या पानाची झेरॉक्स अवश्य पाठवा.